रवी, डेरा आणि फ्लुइड मेकॅनिक्स

मंडळी, सुरुवात आपल्या मेसपासूनच करते. रविवारची पावभाजी, तिच्यावर वितळत चाललेला बटरचा पिवळा चौकोन, आणि तो कुणाच्या ताटात मोठा पडला यावरून चाललेली भांडणं! सेकंड इयरला असताना अशाच एका रविवारी माझ्या रूममेटने विचारलं, "तुमच्याकडे गावाला लोणी करतात ना? लोणी म्हणजे अनसॉल्टेड बटरच ना?"

मी वसईची. रेल्वेच्या पाससाठी विरारची म्हणा हवं तर, पण आमच्या भागात विरार काय, नालासोपारा काय, माणूस स्वतःला वसईचाच म्हणवतो. आमच्या घरी माझी आजी पन्नास वर्षं लोणी काढत होती. त्यामुळे माझा अभिमान एकदम उफाळून आला. म्हटलं, "लोणी काय, बाटलीत हलवून काढून दाखवते!" एका वडापावची पैज लागली.

कोपऱ्यावरच्या दुकानातून मलईचे खोके आणले, एका बाटलीत गळ्यापर्यंत भरले आणि आम्ही चौघींनी आळीपाळीने ती बाटली अर्धा तास हलवली. हात भरून आले. शेजारच्या रूममधल्या मुली बघायला जमल्या. आणि बाटलीत काय? मलईच! लोण्याचा एक कणही नाही. वडापाव तर गेलाच, वर आठवडाभर "लोणीवाली" म्हणून हाक ऐकावी लागली.

रात्री आजीला फोन केला. तिला फोनवर नीट ऐकू येत नाही, सगळं दोनदा सांगावं लागलं. ऐकून आधी पोटभर हसली आणि मग म्हणाली, "बाटली गच्च भरलीस ना? मग वारा कुठून शिरायचा गं? डेरा कधी अर्ध्याच्या वर भरू नये."

वारा! लोण्याचा आणि वाऱ्याचा काय संबंध? या एका प्रश्नामुळे मी लायब्ररीत डेअरी टेक्नॉलॉजीचं पुस्तक शोधायला गेले आणि दिवाळीच्या सुट्टीत वही घेऊन आजीसमोर बसले. त्या वहीतून हा लेख झाला आहे.

आधी सामानाची ओळख

विरार स्टेशनच्या पश्चिमेला आगाशीच्या रस्त्याला आमचं घर. मागे थोडी वाडी, त्यात केळी आणि पानवेली, वाडीच्या कडेला बावखल. बावखल म्हणजे आमच्याकडची गोड्या पाण्याची छोटी तळी. माझ्या लहानपणापर्यंत गोठ्यात एक म्हैस असायची, कधी दोन. आता गोठ्यात बाबांची स्कूटर असते.

डेरा म्हणजे रुंद पोटाचं, आखूड गळ्याचं मातीचं मोठं मडकं. तो घरंगळू नये म्हणून खाली चुंबळ. रवी लाकडाची. लांब दांडा आणि खाली फुलासारखं खाचा पाडलेलं बोंड. डेऱ्यामागे जमिनीत पक्का पुरलेला घुसळखांब. त्या खांबाला दोन ठिकाणी दोरीची कडी, त्या कड्यांतून रवीचा दांडा जातो आणि उभा राहतो. दांड्याला मधोमध रवीदोराचे दोन वेढे. त्याची दोन टोकं दोन हातांत धरायची. उजवा हात ओढला की डावा सोडायचा, डावा ओढला की उजवा.

मेकॅनिकलवाल्यांनो, पुन्हा एकदा वाचा. खांबाच्या दोन कड्या म्हणजे दोन बेअरिंगं, दांडा म्हणजे शाफ्ट, बोंड म्हणजे इंपेलर, आणि रवीदोर म्हणजे पुढे-मागे चालणारी बेल्ट ड्राइव्ह. समुद्रमंथनाच्या चित्रातही हेच आहे. मंदार पर्वताची रवी, वासुकीचा दोर, आणि पर्वत रुतू नये म्हणून खाली कूर्म, म्हणजे चक्क थ्रस्ट बेअरिंग! ज्याने ही कथा पहिल्यांदा सांगितली त्याच्या घरी ताक घुसळलं जात असणार, यात मला तरी शंका नाही.

आमच्या घरी शहरात करतात तशी नुसती साय घुसळत नसत. दूध तापवून, कोमट करून त्याला विरजण लावायचं आणि सगळं दहीच डेऱ्यात घालायचं. दही नीट लागलेलं हवं. अदमुरं दही आजी परत झाकून ठेवायची. ते घुसळून हाती काही लागत नाही, असं ती सांगे.

डेऱ्याच्या आत काय चालतं?

आता थोडा अभ्यास. म्हशीच्या दुधात साधारण ६ ते ८ टक्के स्निग्धांश असतो, गाईच्या दुधात ३.५ ते ४.५. हा स्निग्धांश पाण्यात सूक्ष्म गोळ्यांच्या रूपात तरंगत असतो. गोळ्यांचा व्यास काही मायक्रॉन, आणि प्रत्येक गोळीभोवती प्रथिनं आणि फॉस्फोलिपिडचं पातळ आवरण. या आवरणामुळे गोळ्या एकमेकींना चिकटत नाहीत. म्हणजे दूध हे पाण्यात पसरलेलं तेल आहे. लोणी याच्या बरोबर उलट, तेलात अडकलेले पाण्याचे थेंब. पाकिटातल्या बटरमध्ये कायद्याने किमान ८० टक्के स्निग्धांश लागतो आणि पाणी १६ टक्क्यांपर्यंत चालतं. घुसळणं म्हणजे एका इमल्शनचं दुसऱ्या इमल्शनमध्ये उलटापालट करणं. याला फेज इन्व्हर्शन म्हणतात.

ही उलटापालट होते कशी? इथे आजीचा वारा येतो. रवी फिरली की हवेचे बुडबुडे दह्यात शिरतात. स्निग्ध गोळ्या बुडबुड्यांच्या पृष्ठभागावर गोळा होतात, तिथे त्यांचं आवरण फाटतं, आतली चरबी थोडी बाहेर येते आणि गोळ्या एकमेकींना चिकटू लागतात. फेस वाढतो, सगळं घट्ट होतं, आणि एका क्षणी फेस कोसळतो. दाणे वेगळे, ताक वेगळं. बाटली गळ्यापर्यंत भरली तर हवेला जागाच नाही, मग गोळ्या जमणार कुठे? आजीचं बरोबर होतं.

पण माझी दुसरी चूक आजीलाही माहीत नव्हती, ती पुस्तकाने सांगितली. खोक्यातली मलई होमोजिनाइज केलेली असते. मोठ्या दाबाने बारीक फटीतून ढकलून तिच्यातल्या गोळ्या फोडून फार लहान करतात. त्यांच्यावर दुधातल्या प्रथिनांचं नवं आवरण चढतं, आणि मग त्या सहजी एकत्र येत नाहीत. वर ती घट्ट राहावी म्हणून स्टॅबिलायझर घातलेला असतो. जी मलई वेगळी होऊ नये म्हणूनच बनवली आहे, तिच्यातून लोणी काढायला मी बसले होते! होमोजिनाइज केलेल्या दुधावर जाड साय धरत नाही, त्याचंही कारण हेच.

तिसरी गोष्ट तापमान. चरबी पूर्ण पातळ असेल तर गोळ्या एकत्र येऊनही लोण्याचा दाणा धरत नाही, आणि बरीच चरबी ताकात जाते. पूर्ण कडक असेल तर गोळ्या एकमेकींवर आपटून नुसत्या परततात. थोडी कडक, थोडी पातळ अशी अवस्था लागते. कडक स्फटिक आवरणाला भोक पाडतात आणि पातळ चरबी गोंदाचं काम करते. डेअरीत मलई साधारण १० ते १३ अंशांवर घुसळतात. घरात सबंध दही घुसळताना २० अंशांच्या आसपास जमतं. दिवाळीत मी डेऱ्यात थर्मामीटर घातला तर २१ अंश! आजीने आयुष्यात थर्मामीटर तापाशिवाय कशाला वापरला नव्हता. तिची पद्धत साधी. डेऱ्याच्या पोटाला तळहात लावायचा. उन्हाळ्यात मडक्यातलं गार पाणी घालायचं, थंडीत कोमट. आणि काम पहाटे, ऊन चढायच्या आत.

मातीचा डेराही यात मदत करतो. मातीच्या छिद्रांतून पाणी झिरपतं, बाहेर त्याची वाफ होते आणि वाफ होताना उष्णता घेऊन जाते. पण वसईची हवा समुद्राची, दमट. मे महिन्यात बाष्पीभवन मंदावतं आणि डेरा हवा तेवढा गार होत नाही. म्हणून आमच्याकडे पहाट चुकली की लोणी चुकलं.

दोन वेढ्यांचं गणित

दिवाळीत पहिल्याच दिवशी मी लोण्याच्या हाताने रवीदोर धरला आणि आजी केवढ्याने ओरडली! मला वाटलं सोवळंओवळं असेल. तसं काही नव्हतं.

फर्स्ट इयरच्या मेकॅनिक्समध्ये बेल्ट फ्रिक्शन आठवतंय? दांड्याभोवती दोर गुंडाळला की ओढणाऱ्या बाजूचा ताण आणि धरून ठेवणाऱ्या बाजूचा ताण यांचं गुणोत्तर 'ई'चा 'म्यू गुणिले थीटा' वा घात एवढं होऊ शकतं. दोन वेढे म्हणजे थीटा चार पाय, साधारण १२.५७. कोरड्या दोराचा आणि लाकडाचा म्यू ०.३ धरा. गुणोत्तर येतं सुमारे ४३. म्हणजे उजव्या हाताने १० किलोचा ताण दिला तर दोर घसरू नये म्हणून डाव्या हाताला पाव किलोचा ताणसुद्धा पुष्कळ झाला. डावा हात जवळजवळ आराम करतो.

आता दोराला लोणी लागलं आणि म्यू ०.१ वर आला असं धरा. गुणोत्तर घसरून साडेतीनच राहतं. त्याच १० किलोंना आता डाव्या हाताने जवळजवळ तीन किलो मागे ओढून धरावे लागतात. आपलेच दोन हात एकमेकांविरुद्ध भांडत बसतात. आजीला हे गणित येत नाही, पण खांद्याला समजतं. तिने ओरडून जे सांगितलं ते मला वर्गात तीन लेक्चरं ऐकून कळलं नव्हतं.

माझी ऑटोमॅटिक रवी

एवढं सगळं कळल्यावर इंजिनिअरिंगची मुलगी स्वस्थ बसते का? थर्ड इयरच्या मिनी प्रोजेक्टला मी विषय घेतला 'ऑटोमॅटिक रवी'. बारा व्होल्टची गिअर्ड मोटर, लोखंडी स्टँड आणि आजीची जुनी रवी. स्टीलच्या पातेल्यात पाण्यावर ट्रायल घेतली, झकास फिरली. पुढच्या सुट्टीत मोठ्या थाटात घरी घेऊन गेले.

बटण दाबलं. रवी गरगर फिरली, तिच्याबरोबर सगळं दहीही गरगर फिरलं, मधे भोवरा पडला, कडेने शिंतोडे उडाले. वीस मिनिटं झाली तरी लोण्याचं नाव नाही. आजी शांतपणे पदर खोचून बसली होती. म्हणाली, "एकाच अंगाने फिरवतेस. दह्याला घेरी येईल, लोणी नाही यायचं."

हॉस्टेलवर परतल्यावर फ्लुइडच्या सरांना विचारलं. सरांनी फळ्यावर टाकी काढली. एकाच दिशेने ढवळलं की द्रवसुद्धा रवीच्या वेगाने फिरू लागतो. मग रवी आणि द्रव यांच्यातला सापेक्ष वेगच उरत नाही, म्हणजे घर्षण नाही आणि मिसळणंही नाही. म्हणूनच केमिकल प्लांटमधल्या टाक्यांना आतून उभ्या पट्ट्या, म्हणजे बॅफल्स, लावतात. बहुधा चार, आणि प्रत्येकीची रुंदी टाकीच्या व्यासाच्या एक दशांश. डेऱ्याला बॅफल्स लावणार कशा? त्याऐवजी रवीदोर दर ओढीला दिशा उलटवतो. द्रव एका बाजूला फिरू लागतो न लागतो तोच रवी उलटी फिरते. बॅफल्सचं काम दोराने केलं!

इलेक्ट्रॉनिक्सच्या मैत्रिणीला पकडून टायमर आणि रिले बसवला. दर दोन सेकंदांनी मोटर उलटी फिरू लागली आणि लोणी आलं. छोटंसं, पण आलं! व्हायवाला एक्स्टर्नल सरांनी मशीन पाहिलं, कौतुक केलं आणि एकच प्रश्न विचारला, "हे थांबायचं कधी, ते कसं ठरवता?"

मी म्हटलं, "सर, आजी सांगते."

सगळे हसले. मार्क्स चांगले मिळाले. पण तो प्रश्न मात्र माझ्या डोक्यातून गेला नाही.

मग हे बंद का पडलं?

आजीच्या बाबतीत गंमत अशी की तिने घर कधी सोडलं नाही, पण गाव तिच्याभोवती बदलत गेलं. १९९० साली आमच्या भागाच्या नियोजनासाठी सिडको आली, २००९ मध्ये वसई-विरार महानगरपालिका झाली, २०१४ मध्ये ठाणे जिल्ह्याचा पालघर जिल्हा झाला. गवताच्या जागी इमारती उभ्या राहिल्या. पेंढा विकत, सरकी विकत, गुरं चरायला जागा नाही. शेवटची म्हैस विकली त्या दिवशी आजी जेवली नव्हती, असं आई सांगते.

पण नुसत्या इमारतींना दोष देऊन चालणार नाही. मुळात लोणी हा दूध टिकवायचा उपाय होता. दूध दिवसभरात नासतं, लोणी काही दिवस टिकतं, कढवून तूप केलं तर महिनोन्महिने. जिथून दूध रोज विकायला नेता येत नव्हतं तिथे तूप करणं भागच होतं. आमच्याकडून मात्र एप्रिल १८६७ मध्येच विरारहून मुंबईकडे लोकल सुटली. दूध, भाजी, फुलं मुंबईला विकता येऊ लागली. १९४९ साली मुंबईत आरे कॉलनी उभी राहिली. तिकडे गुजरातेत १९४६ मध्ये खेडा जिल्ह्यातल्या शेतकऱ्यांचा सहकारी संघ झाला, आणि हरिचंद दलाया यांनी म्हशीच्या दुधाची पावडर करून दाखवली. परदेशी तज्ज्ञ ते अशक्य मानत होते. १९५५ मध्ये आणंदला कारखाना सुरू झाला, १९७० मध्ये ऑपरेशन फ्लड. दूध देशभर फिरू लागलं आणि शेतकऱ्याला दुधाचे रोख पैसे मिळू लागले. हे चांगलंच झालं, त्यात वाद नाही.

आता हिशोब बघा. एक लिटर म्हशीच्या दुधात ७२ ग्रॅमच्या आसपास स्निग्धांश. एक किलो लोण्याला ८०० ग्रॅम लागतो. ताकात जातो तो धरून सुमारे १२ लिटर दूध झालं. बारा लिटर दूध विकत घेऊन एक किलो लोणी काढायचं म्हटलं तर पाकीट केव्हाही स्वस्त! कारखान्याला परवडतं, कारण तिथे उरलेल्या दुधाची पावडर होते आणि तीही विकली जाते. १८७८ मध्ये स्वीडनच्या गुस्ताफ द लावाल यांनी सतत चालणारं सेपरेटर काढलं, तेव्हापासून मलई वेगळी करायला रात्रभर थांबावं लागत नाही.

घरी मात्र उरलेलं ताक विकत नसत, वाटत असत. 'ताकाला जाऊन भांडं लपवणे' ही म्हण आपण सगळे वापरतो, पण तिच्यात एक अख्खी व्यवस्था आहे. ज्याच्या घरी म्हैस नाही तो ज्याच्या घरी आहे त्याच्याकडे भांडं घेऊन ताकाला जायचा. पैसे नाहीत, फक्त मागायचा थोडा संकोच. दुधातली बहुतेक प्रथिनं ताकातच राहतात, लोण्यात नाही. म्हणजे चरबी घरात ठेवून प्रथिनं गावाला वाटली जात होती. लोणी पाकिटात मिळू लागलं, पण ते ताक कुठल्याच पाकिटात आलं नाही.

आणखी एक बाजू आहे, ती लपवत नाही. मी एकदा आईला म्हटलं, "तू का नाही शिकलीस?" आई रोज विरारहून लोकल पकडून नोकरीला जाते. ती म्हणाली, "तुझ्या आजीला विचार, तिचे खांदे रात्री का दुखतात." पहाटे चारला उठून घुसळायचं, मग शेण, मग स्वयंपाक. या कामाचा पगार कुणी दिला नाही. ज्या बायकांना यातून सुटका मिळाली त्यांना नावं ठेवायचा मला अधिकार नाही. विरारच्या फ्लॅटमध्ये आजही कितीतरी घरी साय फ्रीजमध्ये साठवून मिक्सरमध्ये लोणी काढतात. मिक्सरच्या वेगाने साय तापते, म्हणून त्या बर्फाचं पाणी घालतात. आजीचं मडक्याचं पाणी तेच, रूप बदललं.

म्हणजे लोणी संपलेलं नाही. संपत चाललंय ते दुसरंच काही, आणि ते मला या मे महिन्यात कळलं.

आवाज

आजीचं वय आता ऐंशीच्या पुढे. डाव्या कानाने काहीच नाही, उजव्याने थोडं. मे महिन्यात मी शेजारच्या तबेल्यातून पाच लिटर दूध आणलं, आजीच्या देखरेखीखाली विरजण लावलं. मोटर हॉस्टेलवरच ठेवली होती. पहाटे डेरा मांडला. मी घुसळत होते, ती डेऱ्याला हात लावून बसली होती.

थोड्या वेळाने ती म्हणाली, "मला आता ऐकू येत नाही गं. आवाज बदलला की तू सांग."

मी म्हटलं, "कसा बदलतो?"

ती विचारात पडली. पन्नास वर्षं जे कानाने केलं ते शब्दांत सांगायची वेळ तिच्यावर कधी आली नव्हती. कसंबसं म्हणाली, "आधी पातळ बोलतो. मग जड होतो, घुमतो. मग एकदम पाणी सुटल्यासारखा होतो. तेव्हा थांबायचं."

मी कान देऊन ऐकत होते. पातळ होता तो कळला. जड झाला तोही कळला, दोरही ओढायला जड लागू लागला. पण पुढचं नीट कळलं नाही. वाटलं, अजून थोडं. आजीने बोंड वर करून पाहिलं तेव्हा उशीर झाला होता. दाणे राहिलेच नव्हते. सगळा एक मऊ, चकचकीत गोळा, त्यात ताक अडकलेलं. तीन पाण्यांनी धुतला तरी पाणी गढूळच. लोण्यात ताक राहिलं की ते लवकर आंबतं, म्हणून दाणे असतानाच थांबायचं असतं. दाण्यांमधून पाणी फिरतं, गोळ्यातून फिरत नाही. आजी रागावली नाही. "पहिलं तसंच जातं," एवढंच म्हणाली.

ते लोणी कढवून टाकलं. कढवताना तिने वाडीतलं विड्याचं पान तोडून तुपात सोडलं. पानातली फिनॉल वर्गातली द्रव्यं तूप खवट व्हायचा वेग कमी करतात, यावर प्रयोग झालेले आहेत. आजीच्या लेखी ते वासासाठी.

तीन दिवसांनी परत पाच लिटर. या वेळी मी डोळे मिटून घेतले. पातळ. जड. घुमणारा. आणि मग खरंच, कुणीतरी आत बादलीभर पाणी ओतल्यासारखा आवाज सैल पडला, हाताला दोर हलका लागला. "बदलला!" मी ओरडले. आजीने रवी वर घेतली. बोंडाला तांदळाच्या कणीएवढे पांढरे दाणे. चार-पाच हलक्या ओढी तिने स्वतः दिल्या, गार पाणी घातलं, आणि दोन्ही हातांनी लोणी गोळा करून माझ्या तळहातावर ठेवलं.

ज्युनिअर्सना एक सूचना. मोटरचा करंट मोजला तर हा क्षण बहुधा मशीनलाही कळेल. दही घट्ट होताना करंट वाढेल, फेस फुटला की उतरेल. कुणीतरी पुढच्या वर्षी हे करून बघा, माझं स्टँड वर्कशॉपमध्ये आहे. पण सेन्सर कुठल्या आकड्याला सेट करायचा हे सांगायला, आधी एकदा तरी तो आवाज ऐकलेलं माणूस लागेल. माझ्या घरात आता असं माणूस मी आहे. आणि मी फक्त एकदाच बरोबर ओळखलाय.

हॉस्टेलवर करून बघा

१. तबेल्यातलं किंवा सुटं, होमोजिनाइज न केलेलं म्हशीचं दूध तापवून गार करा. चार-पाच दिवसांची साय फ्रीजमध्ये साठवा, शेवटी विरजण लावून रात्रभर बाहेर ठेवा.

२. रुंद तोंडाच्या बाटलीत अर्ध्यापर्यंतच भरा. अर्धी जागा वाऱ्याची!

३. साय गार हवी. उन्हाळ्यात बर्फाचा एखादा खडा टाका, थंडीत चमचाभर कोमट पाणी.

४. हलवताना गप्पा मारू नका, बाटली ऐका. घट्ट होऊन गप्प झाली की अजून हलवा. परत बोलू लागली की थांबा.

५. दाणे गार पाण्याने दोन-तीनदा धुवा, पाणी स्वच्छ दिसेपर्यंत.

त्या दिवशी डेऱ्यात खूप ताक उरलं. आजीने गॅलरीतून समोरच्या इमारतीला हाक मारली. तिथे नवे भाडेकरू आले आहेत, त्यांचं मराठी अजून कच्चं आहे. पाचच मिनिटांत त्यांचा आठ-नऊ वर्षांचा मुलगा कोल्ड्रिंकची दोन लिटरची रिकामी बाटली नाचवत हजर! लपवाछपवी काही नाही. आजीने बाटली भरून दिली आणि मला म्हणाली, "बघ, भांडं आणलं की नाही."

मुलगा निघाला आणि जिन्यावर जाता जाता त्याने बाटली जोरात हलवली. आजीला अर्थातच ऐकू आलं नाही. मला आलं. पातळ होता.